रोसामेलच्या अठ्ठावीस फासळ्या

रोसामेल चिगुआयने आयुष्यात एकेचाळीस होड्या बांधल्या आणि एक चर्च उतरवलं. होड्यांबद्दल त्याला कुणी काही विचारत नाही, कारण त्या तरंगतात. चर्चबद्दल मात्र कुइलांतो बेटावरचं कुणीही येता-जाता विचारून जातं, की मिस्त्री, आज तुमचा डावा हात कुठला? तो टोपी पुढे ओढतो आणि चालू लागतो.

माणूस वाईट नाही. हट्टी आहे, आणि हट्टी माणसं गोंधळली की आवाज चढवतात, एवढाच त्याचा दोष. सतराव्या वर्षी बेटावरच्या बाकी पोरांसारखा तोही मेंढ्या कातरायला अर्जेंटिनात गेला होता. दोन हंगाम काढून परत आला. तिकडे वारा आहे आणि मेंढ्या आहेत, समुद्र नाही, एवढंच त्याने त्या प्रवासाबद्दल आजवर सांगितलं. मग बापाच्या हाताखाली होड्या शिकला. बाप त्याच्या बापाकडे शिकला होता, आणि आजोबा आपल्या बापाकडे, निकानोर चिगुआयकडे, ज्याने चर्चचं आतलं कमानीचं छत बांधलं. त्यामुळे त्या छताखाली बसलं की रोसामेलचं लक्ष प्रार्थनेत कधीच नसे. तो मान वर करून फासळ्या मोजत बसे. बायको नोल्फा त्याच्या बरगडीत कोपर मारी, तेव्हा कुठे त्याला 'आमेन' आठवे.

फासळ्या अठ्ठावीस. चौदा एका भिंतीवरून उठतात, चौदा समोरच्या, आणि वर मधोमध एका लांब कण्याला मिळतात. सगळं सायप्रसचं लाकूड, सगळ्या लाकडी खुंट्या, खिळा एक नाही. उलटी टाकलेली होडीच ती, हे बेटावर कुणाला सांगावं लागत नाही. दार समुद्राकडे, वेदी टेकडीकडे. वेदीकडे तोंड करून उभं राहिलं की डाव्या हाताला भिंतीपलीकडे कब्रस्तान, उजव्या हाताला शाळा.

त्या वर्षी भिंतींच्या डोक्यावरच्या दोन्ही तुळया, ज्यांवर या फासळ्या टेकतात, कुजल्या. बोट घातलं तर बोट आत जायचं. चर्चच्या वरच्या दफ्तरातून पत्र आलं: तीन मेच्या आत, म्हणजे सांता क्रूसच्या सणाच्या आत, छत दुरुस्त झालं तर उत्तम; नाही तर जूनमध्ये मुख्य भूमीवरचा कंत्राटदार येईल, जुनं लाकूड उतरवून नेईल आणि दाबलेल्या पत्र्यांचं छत ठोकेल. हे पत्र रोझरीची प्रार्थना झाल्यावर फिस्कालने वाचून दाखवलं. फिस्काल म्हणजे सोफानोर बार्रिया. फादर लाँचने वर्षातून चारदा येतात. बाकीचे दिवस प्रार्थना, मयताची माती, अधू जन्मलेल्या तान्ह्याच्या डोक्यावर घाईने घालायचं पाणी, सगळं सोफानोर बघतो. चर्चची किल्ली त्याच्याच पट्ट्याला असते. दर सणाला तो एकच भाषण करतो, की आपलं चर्च किनाऱ्यावर जन्मलं आणि चालत वर आलं. हे वाक्य आलं की लोक पाय मोकळे करतात, कारण पुढे अजून अर्धा तास असतो.

पत्र ऐकून रोसामेल उठला. म्हणाला, उलटी होडीच तर आहे, एकेचाळीस सुलट्या केल्यात, ही एक उलटी करू. लोक हसले, आणि काम त्याच्याकडे गेलं. घरी येताना नोल्फाने विचारलं की होडी बिघडली तर एक कुटुंब बुडतं, हे बिघडलं तर? तो म्हणाला, बिघडणार नाही.

जानेवारीत मिंगा बसली. म्हणजे वीस पुरुष विनामोबदला राबायला आले आणि पंधरा बायका त्यांना जेवू घालायला. बाहेरचं छप्पर तसंच ठेवून आतली फासळी न् फासळी दोर लावून उतरवली. रोसामेल खाली उभा. प्रत्येक फासळी जमिनीला टेकली की कोळशाने तिच्यावर आकडा घालायचा आणि बाजू लिहायची: शाळा किंवा कब्रस्तान. शंभर-सव्वाशे वर्षांच्या मेणबत्त्यांची काजळी त्या लाकडावर इतकी बसली होती, की कोळशाने लिहायलाही आधी फडक्याने जागा पुसून घ्यावी लागे. मग त्या आवारात रचल्या आणि वर जुनं शीड टाकलं. फेब्रुवारी-मार्चमध्ये त्याने नव्या तुळया घडवल्या, जुन्या तुळयांवर ठेवून अठ्ठावीस खाचा आणि अठ्ठावीस भोकं उतरवून घेतली. जुन्या तुळया मग बायकांनी जेवणाच्या चुलीत घातल्या. कुजकं लाकूड, आणखी काय करायचं त्याचं?

इथवर सगळं सरळ होतं.

एप्रिलच्या दुसऱ्या शनिवारी बायका चर्च धुतात. हे त्यांच्या आज्यांपासून चालत आलेलं आहे. सांता क्रूसच्या आधी चर्चची म्हणून जी वस्तू आहे, ती साबण, राख आणि समुद्राची बारीक वाळू लावून घासायची: बाकं, मेणबत्त्यांचे खांब, घंटेची दोरीसुद्धा. या कामाची मुखत्यार नोल्फा. सोफानोरकडे किल्ली, नोल्फाकडे साबण, आणि दोघं एकमेकांच्या कामात तोंड घालत नाहीत.

त्या शनिवारी रोसामेल जवसाचं तेल आणायला कास्त्रोच्या बाजाराला गेला होता. संध्याकाळच्या लाँचने परतताना त्याला समुद्रावरूनच चर्चच्या आवारात काहीतरी पिवळंधमक दिसलं. आधी वाटलं, कुणी मका वाळत घातलाय. जवळ आल्यावर कळलं, त्या फासळ्या होत्या. अठ्ठावीस, एकीशेजारी एक, नुकत्या न्हालेल्या पोरींसारख्या.

नोल्फा फाटकात उभी होती, बाह्या कोपरापर्यंत वर, हात लाल. "बघ म्हाताऱ्या, तुझ्या पणजोबाच्या काळचं मेण होतं यांवर. दोन दिवसांचं काम एका दिवसात उरकलं," ती म्हणाली. "तुझं ते कोळशाचं गिरगटणंही निघालं सगळं."

रोसामेल तेलाचा डबा खाली ठेवून तिथेच दगडावर बसला. त्याला तसा बसलेला पाहून नोल्फाला थोडं चमकल्यासारखं झालं. पण चर्चची वस्तू घाण ठेवायची नसते, एवढं तरी कुणाला समजावून सांगायचं? तिने त्याच्यापुढे माते या पाल्याच्या चहाचा पेला ठेवला आणि ती आत गेली. ते कडू पाणी थंड होईपर्यंत तो बसून होता.

मग उठून तो फासळ्यांमधून चालायला लागला, आणि त्याला दिसलं, की काजळीखाली खुणा होत्या. पटाशीच्या. प्रत्येक फासळीच्या पायाशी उभ्या रेघा, एक, दोन, तीन, चौदापर्यंत. त्यांतल्या चौदांवर रेघांशेजारी एक बारीक क्रूस कोरलेला, बाकीच्या चौदांवर काही नाही. रोसामेलचा श्वास परत आला. हे तर त्याच्या घरातलंच लिहिणं होतं. तो आजही आपल्या होड्यांत असंच लिहितो: रेघा नाळेपासून मोजायच्या, म्हणजे होडीच्या पुढच्या टोकापासून, आणि क्रूस म्हणजे डावी बाजू. चर्चची नाळ वेदीकडे, हे छताचं निमुळतं टोक पाहून पोरालाही कळावं. म्हणजे रेघा वेदीपासून, आणि क्रूस डावीकडे. कब्रस्तानाकडे. नोल्फाने सव्वाशे वर्षांची काजळी काढून निकानोर चिगुआयचं पत्रच त्याच्या हातात ठेवलं होतं. रात्री जेवताना त्याने तिला हे सांगितलं, आणि साबणाची दोनदा तारीफ केली. त्या तारिफीची आठवण तिने पुढे त्याला बरीच दिली.

सोमवारी मिंगा पुन्हा बसली. पहिली जोडी वर गेली आणि बसली. जरा कुरकुरत, पण बसली. हेच वाईट झालं. पहिलीच नडली असती तर माणूस थांबून विचार करतो. दुसऱ्या जोडीची भोकं बोटभर सरकलेली निघाली. तिसरीची दोन बोटं. चौथी तुळईवर टेकेचना. संध्याकाळपर्यंत वीस माणसांनी एकच जोडी जागेवर ठेवली होती आणि तीन जोड्या वर नेऊन खाली आणल्या होत्या.

आता प्रत्येकाला कारण सुचू लागलं. कुणी म्हणालं तुळयाच चुकल्यात. कुणी म्हणालं भिंती सरकल्यात, फासळ्या काढल्यावर भिंतींना धरायला उरलंय काय. एका म्हाताऱ्याने सांगितलं की समोरच्या बेटावरचे जादूवाले रात्री येऊन लाकूड वाकवतात, आणि त्यावर बराच वेळ चर्चा झाली. रोसामेलने भिंती मोजल्या. त्या जागेवर होत्या. मग तुळया मोजल्या, पण मोजायच्या कशाशी? जुन्या तुळया तर रश्शाखाली जळून गेल्या होत्या. त्याने त्यांवरून भोकं बरोबर उतरवली होती का? होती. नक्की? त्याला नक्की वाटत होतं. मंगळवारी थोडं कमी नक्की वाटलं. बुधवारी तो शिडीवर उभा राहून आपल्याच मोजायच्या गजाकडे बघत होता, जणू गजानेच फसवलं असावं.

या अवस्थेत मेहुणा देल्मिरो, नोल्फाचा धाकटा भाऊ, सहज म्हणाला की इतकं पाणी प्यायल्यावर लाकूड फुगलं नसेल कशावरून?

लाकूड पाणी पितं तेव्हा जाडीला फुगतं, लांबीला नाही. हे रोसामेलला देल्मिरोच्या जन्माआधीपासून ठाऊक होतं. पण दोनच वाटा उरल्या होत्या: एकतर आपला हात चुकला, नाहीतर साबण. बायका तेव्हाच जेवणाची पातेली घेऊन आवारात येत होत्या. रोसामेलने परांचीवरूनच, सगळ्यांच्या देखत, सांगून टाकलं.

"माझ्या पणजोबाचं चर्च वादळात टिकलं, भूकंपात टिकलं. बायकांच्या साबणात बुडालं."

कुणी हसलं नाही. नोल्फाने पातेलं खाली ठेवलं, झाकण नीट बसवलं, आणि ते परत उचलून घरी चालू लागली. तिच्यामागे बायकांतली एदिता गेली, मग बाकीच्या, मेंढीचा रस्सा आणि बटाट्याच्या भाकऱ्या आल्या तशा परत. वीस पुरुष हात धुऊन उभे होते.

मिंगा म्हणजे जेवण. ते नसेल तर ती वेठ झाली, आणि वेठीला कोण येतं? दुसऱ्या दिवशी आठ जण आले, शुक्रवारी तीन. बाकीच्यांना एकाएकी आठवलं की बटाटे काढायचे राहिलेत. सोफानोर नोल्फाकडे रदबदली करायला गेला. तिने त्याला बसवलं, सफरचंदाची दारू दिली, आणि सांगितलं की रोसामेल जिथे उभा राहून बोलला, तिथेच उभं राहून त्याने शब्द परत घ्यावेत, मग पातेली येतील. ही भानगड आपल्या अखत्यारीतली नाही, असं सोफानोरला वाटलं. तो प्याला संपवून उठला.

घरात नोल्फा नवऱ्याशी लागेल तेवढंच बोलत होती. मीठ. लाकूड आण. दार लाव. रोसामेलला परत घ्यायचंही होतं आणि नव्हतंही. साबण चुकला नाही म्हणायचं, तर काय चुकलं ते सांगावं लागणार, आणि तेच तर त्याला कळत नव्हतं. सणाला बारा दिवस उरले होते.

रविवारी दुपारी सगळे घरी असताना तो एकटाच चर्चमध्ये गेला. आदल्या दिवशी देल्मिरोला घेऊन त्याने कप्पीने पाचवी फासळी चढवून ठेवली होती, क्रूसवाली, कब्रस्तानाकडची. पाय दोन बोटं लांब. ती दोन बोटं सोडली तर सगळं ठीक दिसत होतं. त्याने खूप वेळ तिच्याकडे पाहिलं. मग करवत घेतली, आणि निकानोरने तासलेल्या लाकडाचा पाय दोन बोटं कापला. रंधा फिरवून साफ केला. फासळी खाचेत बसली, खुंटी गेली. भुसा आणि ढलप्या त्याने कोटाच्या खिशांत भरल्या, जमिनीवर एक कण ठेवला नाही.

सोमवारी तिघांनी मिळून सहावी चढवली. ती आखूड निघाली.

रोसामेल शिडीच्या पायरीवरच बसला. लाकूड फुगून लांब होत नाही हे एकवेळ विसरता येतं. फुगून आखूड होतं, हे कुणाला सांगणार? म्हणजे साबण नव्हता, तुळया नव्हत्या, भिंती नव्हत्या, आणि पाचवीचा पाय उगाच कापला गेला होता. देल्मिरोने विचारलं, आता काय? रोसामेल म्हणाला, घरी जा.

मंगळवारी तो चर्चकडे फिरकलाच नाही. किनाऱ्यावर त्याची स्वतःची होडी डांबर लावायला उलटी टाकून ठेवली होती, तिच्याकडे गेला. निदान ही तरी कळते, असं त्याला वाटलं असावं. दुपारी गारांचा सडाका आला तसा तो होडीखाली सरकला आणि पाठीवर पडून राहिला. छान कोरडं होतं. एका फटीतून उजेडाची सुई येत होती, म्हणजे तिथे पाणी शिरणार.

गारा थांबल्यावर नोल्फा जेवण घेऊन आली. बोलणं बंद असलं तरी उपाशी ठेवायचं तिच्या स्वभावात नव्हतं; गडग्यावर भाकरी ठेवून ती वळणार, तोच होडीखालून आवाज आला.

"म्हातारे, आलीच आहेस तर बाहेरून फट दाखव. खडूने खूण कर. डाव्या बाजूला, कण्यापासून तिसरी फळी."

नोल्फाने खडू घेतला. डाव्या बाजूची तिसरी फळी ठोकली.

"तिथे नाही. डाव्या म्हटलं ना."

"डावीच आहे."

"दुसऱ्या अंगाला ठोकतेयस तू."

"कुणाची डावी?" नोल्फाचा धीर संपला. "माझी, तुझी, की होडीची? होडी पालथी पडलीय, तू उताणा पडलायस. माझ्यापुरती मी एकटीच सरळ उभी आहे."

नोल्फाने खडू गडग्यावर आपटला. मग तिने वाकून आत पाहिलं. रोसामेल अजून पाठीवरच होता, नाळेकडे पाय करून, आणि वर बघत होता. त्याच्या डोक्यावर फासळ्या होत्या, त्यानेच घडवलेल्या, त्यानेच खुणा केलेल्या, आणि क्रूस सगळे त्याच्या उजव्या हाताला होते. उजव्या. होडी पाण्यात होती तेव्हा तेच क्रूस डावीकडे होते. त्याने एक हात वर केला, मग दुसरा, मग पुन्हा पहिला.

"किनाऱ्यावर जन्मलं," तो म्हणाला.

"काय?"

"सोफानोर बोलतो ते. किनाऱ्यावर जन्मलं आणि चालत वर आलं."

निकानोरने छत चर्चमध्ये बांधलंच नव्हतं. तो होडीवाला. त्याने ते इथे, वाळूवर, होडीसारखं सुलटं उभं केलं, फासळी फासळीला जुळवली, खुणा घातल्या, मग खुंट्या काढून एकेक फासळी माणसांच्या खांद्यांवरून वर नेली आणि पालथी जोडली. डावीकडचे क्रूस शाळेच्या बाजूला गेले, आणि हाताने तासलेल्या दोन बाजू कधी तंतोतंत सारख्या नसतात. हे सोफानोर दर सणाला सांगत होता, आणि पाय मोकळे करण्यापलीकडे त्याचं कुणी काही केलं नव्हतं. खुद्द सोफानोरनेही.

रोसामेल बाहेर आला. गुडघ्यांना डांबर, केसांत वाळू. नोल्फाला त्याने दोनदा सांगून पाहिलं, हाताच्या पंजाची होडी करून उलटी-सुलटी केली, आणि मध्येच स्वतःच गोंधळून थांबला. तिला पहिल्यांदाच कळलं होतं. तिने भाकरी त्याच्या हातात ठेवली आणि विचारलं की मग साबणाचं काय?

परांचीवरून बोलला होता, परांचीवरच चढला. गुरुवारी रोझरीनंतर सोफानोरने सगळ्यांना थांबवून ठेवलं होतं. रोसामेलने टोपी काढली. लाकूड फुगलं नव्हतं, तो म्हणाला. साबणाने काजळी काढली नसती तर खुणा सापडल्याच नसत्या. मी डावी बाजू चुकलो. एवढं बोलून तो खाली उतरायला लागला, तेव्हा एदिताने बाकावरून विचारलं, की डावीच चुकलात मिस्त्री, उजवी बरोबर होती का? चर्चमध्ये इतकं हसणं बऱ्याच वर्षांत झालं नसेल. सोफानोरने घंटा वाजवून ते थांबवलं. पाचव्या फासळीबद्दल रोसामेल काही बोलला नाही. ते बोलायचं त्याने ठरवलं होतं, असं तो नंतर म्हणे. ठरवलेलं कधी बोलायचं, ते मात्र ठरलं नव्हतं.

शुक्रवारी पातेली आली, आणि त्यांच्यामागे तेवीस माणसं. पहिली जोडी काढून बाजू बदलून बसवली. कुरकुर नाही. दुसरी बसली. तिसरी, चौथी. खुंट्या ठोकल्याचा आवाज किनाऱ्यापर्यंत जात होता. मग पाचवी. शाळेच्या अंगाला, तिच्या खऱ्या जागी, क्रूसवाली पाचवी वर गेली आणि दोन बोटं अधांतरी राहिली.

वरची माणसं खाली बघू लागली, खालची वर. देल्मिरो म्हणाला की ही एक आटली की काय? कुणीतरी जादूवाल्यांचं नाव काढलं. रोसामेल परांचीच्या पायाशी उभा होता. आपला हात, आपला गज, आपली नजर, सगळ्यांवरचा विश्वास त्याला एका तासापूर्वी परत मिळाला होता, आणि लोकांचाही. एक शब्द न बोलता तो तसाच ठेवता आला असता.

नोल्फा बटाट्याच्या भाकऱ्यांची टोपली घेऊन दारात उभी होती. तिने वर पाहिलं, मग नवऱ्याकडे.

"आम्हीच जास्त घासली असेल," ती मोठ्याने म्हणाली. "साबणाने झिजली."

बायका तिच्याकडे वळल्या. एदिताचं तोंड उघडंच राहिलं. नोल्फाने टोपली बाकावर ठेवली आणि फडक्याने हात पुसू लागली, सावकाश, एकेक बोट.

"साबण नाही," रोसामेल म्हणाला. आवाज इतका खाली, की वरच्यांनी विचारलं काय म्हणाला. "मी कापली. गेल्या रविवारी. करवतीने."

वडिलांच्या कबरीवर पाय दिल्यासारखी गोष्ट होती ती, आणि चिगुआयच्या घरातल्याने दिला होता. मग सोफानोर पुढे आला, मान वर करून फटीकडे बघत राहिला, आणि त्याने अगदी कामाचा प्रश्न विचारला, की सांधता येईल का? रोसामेल म्हणाला, येईल. मग जेवून घ्या, सोफानोर म्हणाला, रस्सा निवतोय.

रोसामेलने दोन बोटांचा तुकडा नव्या सायप्रसमधून घडवला, तिरका सांधा घालून खालून चढवला आणि दोन खुंट्या मारल्या. चांगला सांधा आहे, बोट फिरवलं तर लागत नाही. रंगाने मात्र दिसतो. जुनं लाकूड मधासारखं, हा तुकडा लोण्यासारखा. तेल लावून काळा करतो, असं तो म्हणाला. नोल्फाने सांगितलं की पुढच्या एप्रिलमध्ये घासून काढीन. मग तो तसाच राहिला. एक मेच्या संध्याकाळी अठ्ठाविसावी फासळी बसली. कंत्राटदार आला नाही. तीन तारखेला फादर आले, क्रूस फुलांनी सजला, सोफानोरने आपलं तेच भाषण केलं, आणि 'किनाऱ्यावर जन्मलं' हे वाक्य आलं तेव्हा या वेळी कुणी पाय हलवला नाही. त्यामुळे तोच बावरला आणि पुढचं विसरला.

रोसामेल मान वर करून मोजत होता. मध्येच त्याला पडलेलं कोडं असं, की वेदीकडे पाठ करून बसलं तर क्रूस कुठल्या हाताला? त्याने दोन्ही हात जरासे वर केले. नोल्फाने कोपर मारलं.

सणाचं जेवण आटोपून घरी जाताना त्याने तिला विचारलं, की त्या दिवशी साबणाचं का बोललीस? तुला काय ठाऊक होतं?

"सायप्रसच्या ढलप्यांचा वास माहीत आहे ना तुला?" नोल्फा म्हणाली. "कोट झटकायला घेतला तर दोन्ही खिसे भरलेले. जुनं लाकूड, मधाच्या रंगाचं. चर्चमध्ये तर त्या वेळी जुनं कापायचं काहीच काम नव्हतं."

"मग बोलली नाहीस ती?"

"बोलणं बंद होतं आपलं." ती फाटक उघडायला थांबली. "त्या सोमवारी तुझी भाकरी मी कशावर भाजली असं वाटतं तुला?"

रोसामेल फाटकापाशीच उभा राहिला. पोटावर हात ठेवावा की हसावं, हे त्याला लवकर ठरवता येईना.